किस्त नका विचारू, महिने विचारा: नागपुरात पहिलं घर घेणाऱ्यांसाठी गृहकर्जाचा खरा हिशोब

एप्रिल २०२३ मधली गोष्ट. कूलरमध्ये नवीन खस भरून झाली होती, दुपारी बाहेर पडायची सोय नव्हती, म्हणून सहज गृहकर्जाचं स्टेटमेंट उघडलं. २०२१ च्या ऑगस्टमध्ये बेसा भागात फ्लॅट घेताना मी ३२ लाख उचलले होते. दर ६.९ टक्के, मुदत वीस वर्षं, किस्त २४,६१८ रुपये. वीस महिन्यांत एकही किस्त चुकली नव्हती. आणि त्या महिन्याच्या ओळीत लिहिलं होतं: व्याज २४,३५१, मुद्दल २६७.

दोनशे सदुसष्ट रुपये. सावजीच्या एका थाळीचे पैसे.

दुसऱ्या दिवशी शाखेत गेलो. समोरचा माणूस भला होता, त्याने स्क्रीनकडे बघितलं आणि म्हणाला, "सर, किस्त तं वाढली नाही ना तुमची?" नव्हती वाढली. दुखणं तेच होतं. मधल्या काळात व्याजदर अडीच टक्क्यांनी वर गेला होता, किस्त जागची हलवली नव्हती आणि सगळा फरक मुदतीत ढकलला होता. घरी येऊन मी हिशोब केला. त्या वेगाने माझं कर्ज फिटायला अजून अठ्ठेचाळीस वर्षं लागली असती. म्हणजे फेडलं असतं ते माझ्या मुलीने. मी अर्ज देऊन किस्त २९,७०० करून घेतली, तेव्हा गाडी मूळ मुदतीवर आली.

नागपुरात घराचा विषय निघाला की पहिला प्रश्न ठरलेला असतो: "किस्त किती बसते?" पगारात बसते की नाही हे बघायला तो आकडा चांगला आहे. घर शेवटी केवढ्याला पडणार हे मात्र तो सांगत नाही, ते महिने सांगतात. खाली जे लिहितोय ते पहिल्यांदा घर घेणाऱ्यांसाठी, ज्या क्रमाने गोष्टी समोर येतात त्याच क्रमाने.

पायरी १: बिल्डरचा भाव बाजूला ठेवा, आपला भाव काढा

उदाहरणाला ५० लाखांचा फ्लॅट धरू. मनीषनगर, बेलतरोडी, झिंगाबाई टाकळी, कुठलाही. बिल्डर म्हणतो पन्नास. तुमच्या खिशातून किती जाणार?

बँक पूर्ण रक्कम देत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे ३० लाखांपर्यंतच्या गृहकर्जाला घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, ३० ते ७५ लाखांपर्यंत ८० टक्क्यांपर्यंत आणि त्यावर ७५ टक्क्यांपर्यंतच कर्ज मिळतं. म्हणजे इथे जास्तीत जास्त ४० लाख. उरलेले १० लाख तुमचे. मुद्रांक शुल्क आणि नोंदणीचा खर्च या किमतीत सहसा धरत नाहीत, म्हणजे तोही रोख तुमचाच. नवखे लोक नेमके इथे अडकतात. दहा लाख जमवलेले असतात आणि रजिस्ट्रीच्या आठवड्यात आणखी चारेक लाखांसाठी सोनं गहाण पडतं.

शहराच्या हद्दीत मुद्रांक शुल्क, स्थानिक अधिभार आणि मेट्रोचा अधिभार मिळून सातेक टक्के धरून चला. करारातली किंमत आणि रेडी रेकनरची, म्हणजे सरकारने त्या भागासाठी ठरवलेली किंमत, यात जी जास्त तिच्यावर शुल्क लागतं. ५० लाखांवर ते झालं साडेतीन लाख. नोंदणी फी १ टक्का, पण ३०,००० च्या वर नाही. घर फक्त बाईच्या नावाने घेतलं तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, इथे सरळ ५०,००० रुपये. नवऱ्याचं नाव जोडलं की ती जाते. आमच्याकडे यावर जरा चर्चा झाली होती, निकाल काय लागला ते सांगत नाही.

बांधकाम चालू असेल तर वर जीएसटी. साधारण घरांना ५ टक्के. किंमत ४५ लाखांपर्यंत आणि चटईक्षेत्र मर्यादेत असेल तर परवडणारं घर म्हणून १ टक्का. महानगरांत ही मर्यादा ६० चौरस मीटर आहे. आपण त्या यादीत नाही, त्यामुळे नागपुरात ती ९०, म्हणजे आपला फायदाच. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या घरावर जीएसटी लागत नाही. ४४ लाख आणि ४६ लाख यांतला फरक म्हणूनच दोन लाखांचा नसतो. चालू बांधकामात तो जवळजवळ चार लाखांचा होतो.

५० लाख किंवा जास्त किमतीच्या व्यवहारात विकणाऱ्याच्या पैशातून १ टक्का टीडीएस कापून सरकारकडे भरायचं काम घेणाऱ्याचं असतं. हा वेगळा खर्च नाही, पण विसरलात तर नोटीस तुमच्या नावाने येते.

आता बेरीज करा. स्वतःचे १० लाख, मुद्रांक साडेतीन, नोंदणी तीस हजार, चालू बांधकाम असेल तर जीएसटी अडीच. आणि ४० लाखांचं कर्ज ८.५ टक्क्यांनी वीस वर्षं फेडलं तर बँकेला एकूण जाणार ८३ लाख ३१ हजार. सगळे मिळून ९९ लाख ६० हजारांच्या आसपास. (८.५ हा दर मी हिशोबासाठी घेतलाय. तुमचा वेगळा असेल, पद्धत तीच राहील.) ५० लाखांचा फ्लॅट एक कोटीच्या दारात उभा असतो. यात पंखे, ग्रिल, किचन ट्रॉली, मीटर, पार्किंग काहीच धरलेलं नाही. महिन्याचा मेन्टेनन्स अडीच हजार धरा, एक रुपयाही वाढला नाही तरी वीस वर्षांत सहा लाख. घरटॅक्स वेगळा. आणि वरच्या मजल्याचा फ्लॅट स्वस्त मिळतोय म्हणून हुरळून जाणाऱ्यांनी मे महिन्यात दुपारी तीन वाजता त्या फ्लॅटमध्ये अर्धा तास बसून बघावं. विजेचं बिल हासुद्धा घराच्या किमतीचाच भाग आहे.

पायरी २: कागद बघा, कारण कागदावरून सावकार ठरतो

हे मुंबई-पुण्याच्या लेखांत सापडत नाही, म्हणून इथे थोडा थांबतो.

नागपुरात जमिनीचे प्रकार पुष्कळ. नासुप्रचे (नागपूर सुधार प्रन्यास) लीजवरचे प्लॉट, नझूलची, म्हणजे शहरातली सरकारी जमीन, एनए-टीपी (बिगरशेती आणि नगररचनेची मंजुरी) झालेले लेआउट, आणि गुंठेवारीत नियमित झालेले, ज्यांना आपण सरळ "आरएलचा प्लॉट" म्हणतो. आरएल म्हणजे नियमित केल्याचं पत्र. महाराष्ट्र गुंठेवारी कायदा २००१ चा. ५७२ आणि १९०० या अनधिकृत लेआउटची भानगड इथल्या प्रत्येक जुन्या माणसाला तोंडपाठ असते. शहराबाहेर गेलात की एनएमआरडीए (नागपूर महानगर प्रदेश विकास प्राधिकरण), आणि त्यातही ग्रामपंचायतीच्या परवानगीवर उभी राहिलेली बांधकामं.

याचा कर्जाच्या किमतीशी संबंध काय? सरळ आहे. कागद जितका साफ, तितके कर्ज द्यायला तयार असणारे जास्त, आणि दर कमी. आरएल हातात नाही, मंजूर नकाशा नाही, आखीव पत्रिकेवर किंवा सातबाऱ्यावर नाव जुळत नाही, की मोठ्या बँकांचे वकील मान हलवतात. मग तुम्ही जाता छोट्या हाउसिंग फायनान्स कंपनीकडे किंवा पतसंस्थेकडे. ते कर्ज देतात, पण दोन टक्के जास्त दराने. दोन टक्के ऐकायला किरकोळ वाटतात. ४० लाखांना वीस वर्षांसाठी ८.५ टक्क्यांनी किस्त येते ३४,७१३ आणि १०.५ टक्क्यांनी ३९,९३५. महिन्याला ५,२२२ चा फरक, वीस वर्षांत साडेबारा लाख.

म्हणून "कागद जरा कच्चा आहे, पण तीन लाखांनी स्वस्त देतो" असं कोणी म्हणालं, तर तो तीन लाख सोडत नाहीये. साडेबारा तुमच्या गळ्यात घालतोय. आणि तुम्ही विकायला काढाल तेव्हा पुढच्या गिऱ्हाईकालाही तीच अडचण येणार.

इसार देण्याआधी एवढं मागा: मौजा, खसरा क्रमांक आणि प्लॉट क्रमांक लिहिलेला मूळ विक्रीपत्राचा नमुना, मंजूर नकाशा, आरएल किंवा एनए आदेश, आणि नवीन प्रकल्प असेल तर महारेरा क्रमांक. लीजची जमीन असेल तर लीज कधी संपते, भूभाटक, म्हणजे जमिनीचं भाडं, भरलेलं आहे का आणि गहाण ठेवायला ना-हरकत लागते का, हे विचारा. मग हे कागद घेऊन इसाराच्या आधीच एखाद्या मोठ्या बँकेच्या शाखेत जा आणि म्हणा, यावर कर्ज होईल का ते बघून सांगा. बिल्डर म्हणेल, "आमच्याकडे अमुक फायनान्सवाल्याचं टायअप आहे, ते लगेच करून देतात." लगेच का करून देतात, हा प्रश्न त्याला नाही, स्वतःला विचारा.

आणखी एक. "इतके चेकने, इतके नगद" हा प्रकार अजून ऐकू येतो. कायद्याची बाजू आहेच. पण कर्जाच्या अंगाने बघितलं तरी तोटाच. करारावर किंमत कमी दिसली की कर्ज कमी मिळतं, नगद सगळी खिशातून जाते, आणि पुढे घर विकताना नफा फुगून दिसतो, त्यावरचा कर तुम्ही भरता.

पायरी ३: पहिल्या किस्तीची फोड करा

कागद-पेन घ्या. ४० लाख गुणिले ८.५ टक्के, भागिले बारा. उत्तर २८,३३३. हे पहिल्या महिन्याचं व्याज. किस्त ३४,७१३. म्हणजे मुद्दलात गेले ६,३८० रुपये. दुसऱ्या महिन्यात व्याज लागेल ते ४० लाखांवर नाही, त्यातून ६,३८० वजा करून. असं एकेक पाऊल मुद्दल उतरतं. मोबाइलवरच्या एक्सेलमध्ये या पाच रकान्यांचा तक्ता दहा मिनिटांत होतो: महिना, शिल्लक, व्याज, किस्त, मुद्दलात गेले. तयार कॅल्क्युलेटर वापरू नका असं नाही, पण एकदा तरी हाताने करा. त्याशिवाय ते अंगात उतरत नाही.

त्या तक्त्यात काय दिसतं? पहिल्या वर्षात तुम्ही भरले ४ लाख १६ हजार, कर्ज कमी झालं फक्त ८० हजारांनी. पाच वर्षांनी भरलेले २० लाख ८३ हजार, कर्ज उरलेलं ३५ लाख २५ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, तुम्ही ४१ लाख ६६ हजार भरलेले असतात, उचललं त्याहून जास्त, आणि तरी २८ लाख बाकी असतात. किस्तीत मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळपास बारा वर्षं लागतात.

यात कोणी फसवत नाहीये, हे नीट समजून घ्या. उरलेल्या पैशावर व्याज, एवढाच नियम आहे. सुरुवातीला उरलेला पैसा जास्त असतो म्हणून व्याज जास्त. पण याचा अर्थ असाही होतो की सुरुवातीच्या वर्षांत मुद्दलात टाकलेला एकेक रुपया पुढे खूप काम करतो. त्याकडे पायरी ६ मध्ये येऊ.

पायरी ४: मुदत निवडताना एजंटचं ऐकू नका

कर्ज आणून देणाऱ्या एजंटला तुमची पात्रता वाढवायची असते. मुदत लांबवली की किस्त घटते, पात्रता वाढते. ४० लाख, ८.५ टक्के:

१५ वर्षं: किस्त ३९,३९०, एकूण व्याज ३० लाख ९० हजार.
२० वर्षं: किस्त ३४,७१३, एकूण व्याज ४३ लाख ३१ हजार.
३० वर्षं: किस्त ३०,७५७, एकूण व्याज ७० लाख ७२ हजार.

वीसवरून तीसवर गेल्यावर किस्त कमी होते चार हजारांनीसुद्धा नाही. व्याज वाढतं साडेसत्तावीस लाखांनी.

मग सरळ पंधरा वर्षं घ्यावी का? माझं मत नाही. मिहानमधली नोकरी असो की बुटीबोरीतला कारखाना, वीस वर्षांत एक तरी वाईट वर्ष येतंच. कागदावर वीस वर्षं ठेवा आणि भरताना पंधरा वर्षांची किस्त भरा, जास्तीचे ४,६७७ दर महिन्याला मुद्दलात. अडचणीच्या वर्षी ते थांबवता येतात. पंधराची किस्त लिहून दिली असेल तर थांबवता येत नाही, थांबलात की सिबिल, म्हणजे कर्जफेडीचा स्कोअर, बिघडतो.

पायरी ५: दर कशाला बांधलाय ते विचारा

फ्लोटिंग दर म्हणजे बदलता दर, हे सगळ्यांना माहीत असतं. कशाबरोबर बदलतो, हे फार थोडे विचारतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला बांधावी लागतात, बहुतेक बँकांत तो म्हणजे रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, ज्या दराने ती बँकांना पैसे देते. त्यावर बँक आपला स्प्रेड, म्हणजे वरचे टक्के, लावते. आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर नव्याने लागतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हे बंधन नाही. त्यांचा दर त्यांनीच ठरवलेल्या प्राइम लेंडिंग रेटला बांधलेला असतो, त्यामुळे रेपो उतरला तरी तुमचा दर उतरेलच असं नाही.

रेपो दर ठरतो मुंबईत. पण संविधान चौकातून जाताना (निम्मं नागपूर अजून त्याला आरबीआय चौकच म्हणतं) त्या इमारतीकडे बघून मी हिशोब आठवतो: मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५० झाला. अडीच टक्के, दहा महिन्यांत. नंतर २०२५ च्या फेब्रुवारी ते जूनमध्ये तो ६.५० वरून ५.५० वर आला. वीस वर्षांच्या कर्जात असे चढ-उतार अनेकदा येतील. आज किस्त काठोकाठ बसवली असेल तर चढाच्या वेळी श्वास कोंडतो.

दर एकच टक्का वाढला आणि किस्त तीच ठेवली तर काय होतं? आपल्या ४० लाखांच्या उदाहरणात, सुरुवातीलाच ८.५ चे ९.५ झाले तर २४० किस्तींच्या होतात ३०९. जवळपास पावणेसहा वर्षं जास्त, म्हणजे तेवीस-चोवीस लाखांच्या किस्ती. आणि मोबाइलवर मेसेज येतो तो एका ओळीचा, मुदतीत बदल झाल्याचा. किस्त कापल्याच्या मेसेजकडे आपण बघतो, याच्याकडे बघत नाही.

माझ्या वेळी कोणी विचारलं नव्हतं. आता नियम आहे. ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार रिझर्व्ह बँकेने सांगितलंय की दर बदलताना ग्राहकाला पर्याय द्यायला हवा: किस्त वाढवायची, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, शिवाय बँकेच्या धोरणाप्रमाणे फिक्स्ड दरावर जायचा पर्याय. दर तिमाहीला भरलेलं मुद्दल, भरलेलं व्याज, चालू दर आणि उरलेल्या किस्ती दाखवणारं स्टेटमेंटही मिळायला हवं. तुमचा पर्याय लेखी द्या. परवडत असेल तर नेहमी किस्त वाढवा. दर उतरतो तेव्हा मात्र किस्त कमी करून घेऊ नका, मुदत कमी होऊ द्या.

पायरी ६: जास्तीचा पैसा लवकर टाका

फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी फेडीचा दंड लागत नाही. फिक्स्ड दराला लागू शकतो, तो करारात बघा.

दोन लाखांचा बोनस आला समजा. पहिल्या वर्षाच्या शेवटी मुद्दलात टाकलात तर मागच्या बाजूच्या २६ किस्ती गळून पडतात, व्याजात ७ लाख १० हजार वाचतात. तेच दोन लाख दहाव्या वर्षाच्या शेवटी टाकलेत तर तेरा किस्ती आणि अडीच लाख.

दरवर्षी एक जास्तीची किस्त, दिवाळीच्या महिन्यात म्हणा, भरत गेलात तर वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांत संपतं आणि आठेक लाख वाचतात. आणि मला सगळ्यात आवडतो तो उपाय: पगारवाढ झाली की दरवर्षी किस्त पाच टक्क्यांनी वाढवायची. बारा वर्षं दोन-तीन महिन्यांत कर्ज साफ. पहिल्या वाढीला महिन्याला १,७३६ रुपये जास्त लागतात. एवढंच.

पैसे भरताना शाखेत किंवा ॲपमध्ये एक प्रश्न येतो, किस्त कमी करायची की मुदत. मुदत निवडा. आणि पुढच्या महिन्याच्या स्टेटमेंटमध्ये ती रक्कम खरंच मुद्दलातून वजा झाली का, की "ॲडव्हान्स किस्त" म्हणून नुसती पडून राहिली, हे तपासा. माझ्या एका मित्राचे दीड लाख चार महिने असेच पडून होते.

सहा महिन्यांच्या खर्चाएवढे पैसे बाजूला न ठेवता सगळं कर्जात ओतू नका. आईच्या ऑपरेशनसाठी वैयक्तिक कर्ज काढायची वेळ आली तर ते गृहकर्जापेक्षा कितीतरी महाग पडतं.

पायरी ७: सही करण्याआधी आजूबाजूचे खर्च

प्रोसेसिंग फी आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशन, गहाणाच्या दस्तावरचं मुद्रांक शुल्क, आणि महाराष्ट्रात तीस दिवसांत दाखल करावी लागणारी नोटीस ऑफ इंटिमेशन, म्हणजे गहाणाची नोंदणी कार्यालयाला द्यायची सूचना. ही सगळी आधी विचारून लिहून घ्या. प्रोसेसिंग फी घासाघीस केली तर कमी होते, सणासुदीला तर माफही होते.

सगळ्यात महाग पडतो तो कर्जातच मिसळलेला विमा. "सर, फाइल पास व्हायला हे करावंच लागते." नाही लागत. कर्जासाठी जीवनविमा घेतलाच पाहिजे असा नियम नाही, आणि त्याच कंपनीचा घ्या असा तर नाहीच. एक लाख वीस हजारांचा एकरकमी हप्ता कर्जात जोडला तर वीस वर्षांत त्याचे अडीच लाख भरता. विमा मात्र हवाच. घरातला कमावता माणूस गेला तर कर्ज मागे राहतं. बाहेरून साधी टर्म पॉलिसी घ्या, तिचा हप्ता दरवर्षी भरा.

१ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत की फॅक्ट स्टेटमेंट, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, द्यावं लागतं. त्यात एपीआर नावाचा एक आकडा असतो, ज्यात व्याजासोबत हे खर्चही धरलेले असतात. दोन ठिकाणचे प्रस्ताव तुलनेला घेताना जाहिरातीतला दर नाही, तो आकडा समोर ठेवा.

बांधकाम चालू असेल तर प्री-ईएमआय. जेवढे पैसे बिल्डरला गेले, त्यावर फक्त व्याज. २० लाख गेले असतील तर महिन्याला १४,१६७, दोन वर्षं ताबा लांबला तर ३ लाख ४० हजार. मुद्दलात शून्य. वर राहत्या घराचं भाडं चालूच. झेपत असेल तर पूर्ण किस्त सुरू करून मागा.

पायरी ८: कर वाचतो म्हणून कर्ज, हा हिशोब जुना झाला

जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या कर्जाच्या व्याजावर २ लाखांपर्यंत आणि मुद्दलावर दीड लाखापर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत राहत्या घराला यातलं काही नाही, आणि आता आपोआप लागू होते ती नवीच. काकांचा सल्ला ऐकताना ते कुठल्या वर्षीचा सांगताहेत ते बघा. कर वाचवायला कर्ज लांबवत ठेवणं हे तेव्हाही फारसं शहाणपणाचं नव्हतं, तीस रुपये वाचवायला शंभर घालवण्यासारखं.

भाड्याशी तुलना करायची तर पूर्ण किस्तीशी करू नका, व्याजाशी करा. त्याच बिल्डिंगमधला तसाच फ्लॅट भाड्याने केवढ्याला मिळतो ते वॉचमनला विचारा आणि २८,३३३ शेजारी मांडा. पगार वाढतात, महागाईने रुपया हलका होतो, वीसाव्या वर्षीची किस्त आजच्याइतकी जड वाटणार नाही, हेही खरं. घर घेऊ नका असं माझं म्हणणं नाही. मी घेतलंय, पश्चात्ताप नाही.

पायरी ९: दोन वर्षांनी एकदा दर तपासा

नव्या ग्राहकाला मिळणारा दर आणि तुमचा दर यात अर्ध्या टक्क्याहून जास्त फरक पडला असेल, तर आधी आपल्याच शाखेत दर बदलून मागा. थोडी फी घेऊन करून देतात. नाही म्हणाले तर दुसरीकडे हलवा. ३५ लाख बाकी, पंधरा वर्षं उरलेली, ९.२५ वरून ८.५ टक्के, तर महिन्याला १,५५६ वाचतात, पंधरा वर्षांत २ लाख ८० हजार. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, वकील आणि गहाणाचं मुद्रांक शुल्क वजा करा. दुसरीकडचा माणूस मुदत पुन्हा वीस वर्षं करून "बघा, किस्त किती कमी झाली" म्हणेल. त्याला पंधराचीच ठेवायला सांगा. शेवटच्या चार-पाच वर्षांत हलवण्यात अर्थ नाही, तोवर व्याज बहुतेक भरून झालेलं असतं.

पायरी १०: शेवटची किस्त

कर्ज फिटल्यावर तीस दिवसांत बँकेने मूळ कागद परत द्यायचे आणि बोजा उतरवायचा, हा १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे. उशीर त्यांच्यामुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. ना-हरकत पत्र घ्या, नोंदणी कार्यालयातला गहाणाचा बोजा आणि सेरसाईतली (गहाणांची केंद्रीय नोंदवही) नोंद निघाली का ते बघा, महिन्याभराने सिबिलमध्ये कर्ज बंद दिसतंय का तेही.

कागद मोजून घ्यायचे तर कशाशी मोजणार? पहिल्या दिवशी कर्ज देताना त्यांनी तुमच्याकडून विक्रीपत्र, इंडेक्स टू (नोंदणीचा उतारा), मागच्या मालकांच्या दस्तांची साखळी जे जे घेतलं, त्याची सही-शिक्क्याची यादी मागून घ्या. बहुतेक लोक ती घेतच नाहीत. माझी यादी एकोणीस कागदांची आहे, स्टीलच्या कपाटात साड्यांच्या खाली.